अनवाणी गेन

आमच्या धर्मग्रामाच्या वाचनालयात पुस्तकांची चार कपाटे आहेत. त्यांपैकी तीन उघडी असतात. चौथ्याला कुलूप असून त्याची किल्ली माझ्या मेजाच्या खणात असते. वाळवीपासून जपायची काही दुर्मीळ पुस्तके आणि जुन्या नोंदवह्या त्या कपाटात ठेवलेल्या आहेत. गेल्या पावसाळ्यात तेथे आणखी दोन पुस्तकांची भर पडली. ही पुस्तके जुनी नव्हती आणि दुर्मीळही नव्हती. ती मुलांच्या हाती लागू नयेत म्हणून मी स्वतःच ती तेथे ठेवली होती.

परदेशी नोकरी करणाऱ्या आमच्या एका तरुणाने सुट्टीवर आला असता ती वाचनालयास भेट दिली होती. जपानी चित्रकथेचा तो इंग्रजी अनुवाद होता. मुखपृष्ठावर गोल चेहऱ्याचा, टपोऱ्या डोळ्यांचा एक मुलगा होता. मी पाने न चाळताच ती पुस्तके मुलांच्या कपाटात लावून टाकली. चित्रकथा म्हणजे मुलांचे वाङ्मय, ही आपली सर्वसाधारण समजूत. माझीही तीच होती.

पुढच्याच आठवड्यात एक माता त्यांतील पहिले पुस्तक पदराखाली धरून माझ्याकडे आली. तिची मुलगी सहावीत शिकते. दोन रात्री मुलगी दचकून उठत होती. “फादर, असले पुस्तक तुम्ही मुलांच्या कपाटात कसे ठेवलेत?” तिने विचारले आणि माझ्यापुढे एक पान उघडून धरले. त्या पानावर माणसे चालत होती. त्यांचे हात पुढे होते आणि हातांवरून कातडी चिंध्यांसारखी लोंबत होती. मी तिची क्षमा मागितली, पुस्तक ठेवून घेतले आणि तिच्या देखतच दोन्ही पुस्तके कुलपात बंद केली. ती समाधानाने घरी गेली. मीही एक कर्तव्य पार पाडल्याच्या समाधानात होतो.

रात्री मात्र मन स्वस्थ बसेना. जे मी वाचलेच नव्हते ते मी बंद केले होते. किल्ली काढली, पुस्तक घेतले आणि वाचायला बसलो. पहाटेची घंटा झाली तेव्हा दुसरे पुस्तक संपत आले होते.

वाचकहो, हिरोशिमा हे नाव मला नवे नव्हते. सेमिनरीत असताना फादर पेद्रो आरुपे यांच्या आठवणी आम्ही वाचल्या होत्या. पुढे येशूसंघाचे प्रमुख झालेले आरुपे त्या वेळी शहराबाहेर नागात्सुका येथील नवशिक्याश्रमाचे गुरू होते. तरुणपणी त्यांनी वैद्यकाचे शिक्षण घेतले होते. बॉम्ब पडला त्या दिवशी त्यांनी आश्रमाचेच रुग्णालय केले आणि होरपळलेल्या माणसांची सेवा केली. आमच्या दृष्टीने हिरोशिमा म्हणजे सेवेचे, धैर्याचे एक उदाहरण होते. ते एका प्रौढ, विद्याविभूषित माणसाने पाहिलेले हिरोशिमा होते. सहा वर्षांच्या मुलाने पाहिलेले हिरोशिमा मला त्या रात्री प्रथमच दिसले.

त्या मुलाचे नाव केईजी नाकाझावा. १४ मार्च १९३९ रोजी हिरोशिमात त्याचा जन्म झाला. वडील चित्रकार होते. लाकडी वस्तूंवर लाखेचे रंगकाम करून ते संसार चालवीत. हे युद्ध चुकीचे आहे असे ते उघडपणे म्हणत, आणि त्या काळच्या जपानमध्ये तो गुन्हा होता. युद्धविरोधी नाट्यमंडळीत काम केल्याबद्दल त्यांनी एक वर्षाहून अधिक काळ तुरुंगवास भोगला होता. घरात गरिबी होती, भुकेने मुले रडत होती, पण बापाने आपले मत बदलले नाही. केईजीचा एक मोठा भाऊ कुरे येथील नौदलाच्या कारखान्यात कामाला होता, तर दुसऱ्याला शाळेतील मुलांबरोबर सुरक्षिततेसाठी खेड्यात पाठवलेले होते. घरी आईवडील, मोठी बहीण एइको, केईजी आणि धाकटा भाऊ सुसुमु असत. आईला दिवस गेले होते आणि ती बाळंतपणाच्या अगदी जवळ आली होती.

६ ऑगस्ट १९४५ ची सकाळ. पहिलीतला केईजी शाळेच्या फाटकापाशी पोहोचला होता. वर्गातील एका मुलाच्या आईने त्याला थांबवून काहीतरी विचारले. तो तेथील भिंतीला टेकून उत्तर देत होता. सव्वाआठ वाजले होते. आकाशात एक विमान दिसले आणि मग डोळे दिपवणारा प्रकाश. शुद्धीवर आला तेव्हा तो भिंतीच्या ढिगाऱ्याखाली होता. ज्या बाईशी तो बोलत होता ती रस्त्यापलीकडे काळीठिक्कर होऊन पडली होती. दोघांमध्ये काही पावलांचेच अंतर होते. पण तिच्यासमोर उघडे आकाश होते आणि मुलाच्या आड एक काँक्रीटची भिंत होती. बॉम्ब जेथे फुटला ते ठिकाण तेथून सुमारे सव्वा किलोमीटर दूर होते. त्या एका बॉम्बने १९४५ साल संपेपर्यंत सुमारे १,४०,००० माणसांचा बळी घेतला.

घरी काय घडले ते केईजीने पाहिले नाही. घर कोसळले होते. वडील, एइको आणि सुसुमु तुळयांखाली अडकले होते. आई बाहेर होती म्हणून वाचली. तिने तुळई उचलण्याचा जिवापाड प्रयत्न केला, पण ती हलेना. आग जवळ येत गेली. आत लहानगा सुसुमु तिला हाका मारीत होता. आपणही त्यांच्याबरोबर मरावे म्हणून ती तेथून हलायला तयार नव्हती. अखेर एका शेजाऱ्याने तिला ओढून दूर नेले. त्याच दिवशी रस्त्याच्या कडेला ती बाळंत झाली. मुलगी झाली, तिचे नाव तोमोको ठेवले. काही महिन्यांतच तीही दगावली. पुढे केईजी आपल्या मोठ्या भावाबरोबर जळालेल्या घराच्या जागी गेला आणि दोघा भावांनी राखेत खणून आपल्या माणसांची हाडे बाहेर काढली. मुलाचे वय तेव्हा सहा वर्षांचे होते, हे वाचकांनी पुन्हा एकदा ध्यानात घ्यावे.

त्यानंतरची वर्षे उपासमारीची होती. अशा दिवसांत या मुलाच्या हाती ओसामु तेझुका यांची ‘शिन ताकाराजिमा’ म्हणजे ‘नवे रत्नबेट’ ही चित्रकथा पडली. १९४७ साली प्रसिद्ध झालेल्या या पुस्तकाने जपानी मुलांच्या एका संपूर्ण पिढीला वेड लावले होते. केईजी ती चित्रे पुन्हा पुन्हा गिरवू लागला. जपानमध्ये या कलेला ‘मांगा’ म्हणतात. तेथे ती केवळ मुलांची करमणूक राहिलेली नाही, थोरामोठ्यांचेही वाचन झाली आहे. आपण मांगाकार व्हायचे हे केईजीने तेव्हाच ठरवून टाकले. माध्यमिक शाळेनंतर शिकणे परवडणारे नव्हते. तो पाट्या रंगवणाऱ्याकडे कामाला लागला. अक्षरांचे वळण, रंगांची जुळणी तो तेथे शिकला आणि १९६१ साली बाविसाव्या वर्षी तोकियोला गेला. नावाजलेल्या चित्रकाराच्या हाताखाली काम करीत १९६३ मध्ये त्याने स्वतःची पहिली मालिका प्रसिद्ध केली.

तोकियोत त्याने एक गोष्ट मात्र लपवून ठेवली. एकदा सहज बोलताना आपण हिरोशिमाचे, बॉम्बमधून वाचलेले, असे त्याने सांगितले. ऐकणाऱ्यांच्या चेहऱ्यावरचे भाव बदलले. बॉम्बग्रस्तांच्या जवळ गेले की आपल्यालाही तो रोग लागतो असा समज लोकांत पसरला होता. त्या दिवसापासून त्याने ‘बॉम्ब’ हा शब्द उच्चारणेच सोडून दिले. वर्तमानपत्रात तो शब्द दिसला तरी तो नजर वळवी. खेळाच्या, साहसाच्या कथा तो काढीत राहिला. आपल्या समाजातही दुःखितांच्या वाट्याला दुःखाबरोबर अशी लाज येते. महारोग्यांच्या, क्षयरोग्यांच्या घरांतून मी ती पाहिली आहे.

१९६६ मध्ये आईच्या निधनाची तार आली. जपानी रीतीप्रमाणे दहनानंतर नातलग मिळून काड्यांनी मृताची हाडे वेचतात आणि कलशात ठेवतात. नाकाझावा आईची हाडे वेचायला उभे राहिले आणि पाहतात तो राखेत वेचण्यासारखे हाडच नव्हते. काही पांढरे कण तेवढे होते. बॉम्बच्या किरणोत्साराने आईची हाडेसुद्धा खाऊन टाकली, अशी त्यांची खात्री झाली. पती आणि दोन मुले तिच्या डोळ्यांदेखत गेली, रस्त्यावर जन्मलेले मूल गेले, वीस वर्षे तिने हालअपेष्टा सोसल्या आणि शेवटी तिची हाडेही मुलाच्या हाती लागू नयेत! हिरोशिमाहून तोकियोला परतताना आगगाडीत त्यांच्या मनात एकच विचार होता. आजवर ज्याच्यापासून पळालो त्याच्याशी आता झुंज द्यायची, आणि आपल्याजवळ शस्त्र आहे ते मांगाचे.

‘काळ्या पावसात भिजलेला’ अशा अर्थाची त्यांची पहिली अणुबॉम्बकथा मोठ्या प्रकाशकांनी नाकारली. १९६८ साली प्रौढांच्या एका लहान नियतकालिकाने ती छापली. १९७२ मध्ये मुलांच्या एका मासिकाने मांगाकारांना आपापले आत्मचरित्र चित्रांतून सांगण्यास बोलावले, तेव्हा नाकाझावा यांनी ‘ओरे वा मिता’ म्हणजे ‘मी पाहिले’ ही कथा दिली. संपादक तादासु नागानो ती वाचून हेलावून गेले आणि जागेची काळजी न करता मोठी कथा लिहा असे त्यांनी सांगितले. १९७३ पासून ‘शोनेन जंप’ या मुलांच्या साप्ताहिकात ‘हादाशी नो गेन’, म्हणजे ‘अनवाणी गेन’, क्रमशः येऊ लागली. पुढे साप्ताहिक सुटले, इतर नियतकालिकांतून कथा चालू राहिली, आणि दहा खंडांत ती पूर्ण झाली. १९७६ मध्ये स्वयंसेवकांच्या एका गटाने तिच्या इंग्रजी अनुवादाचे काम हाती घेतले. इंग्रजीत गेलेल्या अगदी पहिल्या मांगांपैकी ती एक होय.

‘गेन’ या शब्दाचा अर्थ मूळ, उगम. हिरोशिमाच्या जळक्या भूमीवर अनवाणी पायांनी घट्ट उभा राहणारा मुलगा येणाऱ्या पिढीच्या बळाचा उगम व्हावा, अशी त्यांची इच्छा होती. कथेच्या आरंभीच गेनचा बाप मुलांना गव्हाचे शेत दाखवतो. जपानी शेतकरी कडाक्याच्या थंडीत गव्हाचे कोवळे रोप पायांनी तुडवतो. तुडवल्याने मूळ जमिनीत घट्ट बसते आणि रोप पुढे ताठ उभे राहते. तुम्ही त्या गव्हासारखे व्हा, असे तो बाप सांगतो. योहानाच्या शुभवर्तमानातील गव्हाच्या दाण्यावर मी अनेकदा प्रवचन दिले आहे. तो दाणा जमिनीत पडतो आणि मरतो. हा गहू मरत नाही. तुडवला जातो आणि पुन्हा उठतो. दोन्ही गहू मला एकाच शेतातले वाटले.

गेनच्या कथेत केवळ अमेरिकेवर राग नाही. आपल्याच राज्यकर्त्यांनी, लष्कराने आणि ‘होय’ला ‘होय’ म्हणणाऱ्या शेजाऱ्यांनी हा दिवस ओढवून आणला, असेही नाकाझावा स्पष्टपणे सांगतात. गेनच्या कुटुंबाला देशद्रोही म्हणून वाळीत टाकले जाते तेव्हा त्यांच्या पाठीशी उभा राहतो तो पाक नावाचा कोरियन शेजारी. आणि बॉम्बनंतर त्याच्याच बापाला कोरियन म्हणून औषधोपचार नाकारला जातो. स्वजनांचे पाप असे उघड्यावर मांडणे सोपे नसते.

याची किंमतही द्यावी लागली. १९ डिसेंबर २०१२ रोजी नाकाझावा कर्करोगाने वारले. त्याच महिन्यात मात्सुए नगराच्या शिक्षण मंडळाने शाळांच्या वाचनालयांना सूचना दिली की, ‘गेन’चे खंड उघड्या फळ्यांवरून काढून आतील खोलीत ठेवावेत. जपानी सैनिकांची क्रौर्ये दाखवणारी चित्रे मुलांना पेलणार नाहीत, असे कारण देण्यात आले. २०१३ च्या ऑगस्टमध्ये ही गोष्ट बाहेर आली, देशभर गदारोळ झाला आणि ती सूचना मागे घ्यावी लागली. पुढे २०२३ साली खुद्द हिरोशिमा नगराच्या शिक्षण मंडळाने प्राथमिक शाळांच्या शांतिशिक्षणाच्या पाठांतून ‘गेन’मधील उतारे वगळले. आजारी आईसाठी गेन दुसऱ्याच्या तळ्यातला मासा चोरतो. असे प्रसंग आजच्या मुलांना समजावून सांगणे अवघड जाते, अशी कारणे होती.

हे सारे मला नंतर वाचून कळले. कळले तेव्हा माझी दृष्टी आपोआप मेजाच्या खणाकडे गेली. मात्सुएच्या अधिकाऱ्यांनी जे केले तेच मी केले होते आणि तेवढ्याच सद्हेतूने केले होते. नाकाझावा यांना मुलांच्या भीतीची जाणीव नव्हती असे नव्हे. वाचकांना किळस येते हे पाहून त्यांनी चित्रांतील भीषणता पुष्कळ कमी केली होती. त्यांनी प्रत्यक्ष पाहिले ते चित्राहून कितीतरी भयंकर होते. पण चित्र पाहून एखादे मूल घाबरून रडले, तर त्याला बॉम्ब म्हणजे काय ते कळले, असे ते मानीत.

येथे मला एक जुनी गोष्ट सांगितली पाहिजे. मी नुकताच धर्मगुरू होऊन किनाऱ्यावरील एका धर्मग्रामात साहाय्यक म्हणून रुजू झालो होतो. एक मच्छीमार समुद्रात बुडाला आणि तिसऱ्या दिवशी त्याचे प्रेत लागले. त्याला सात वर्षांचा एक मुलगा होता. प्रेताची अवस्था पाहून वडीलधाऱ्यांनी ठरवले की मुलाला काही दाखवू नये. ते काम माझ्याकडे आले. मी त्या मुलाला माझ्या खोलीत नेले, बिस्किटे दिली, कागद आणि रंगीत खडू दिले. शवपेटी बंद होऊन दफनविधी उरकेपर्यंत तो तेथे बसून होड्यांची चित्रे काढीत होता. सर्वांनी माझी प्रशंसा केली. वीस वर्षांनी तोच मुलगा आपल्या लग्नाचे कागद घेऊन माझ्याकडे आला. काम आटोपल्यावर जाता जाता तो म्हणाला, “फादर, त्या दिवशी तुम्ही मला बिस्किटे दिली होती. मी दहावीत जाईपर्यंत मला वाटायचे, बाबा अजून बोटीवरच आहेत.” त्याच्या शब्दांत तक्रार नव्हती, म्हणूनच ते मला अधिक लागले. आम्ही त्याला भीतीपासून वाचवले नव्हते. निरोप घेण्याचा त्याचा हक्क तेवढा काढून घेतला होता. आणि सात वर्षांच्या मुलाच्या डोळ्यांना डोळा देण्याच्या कामातून आम्ही सारे मोठे मोकळे झालो होतो.

दुसऱ्या दिवशी मी त्या मातेच्या घरी गेलो. पुस्तक बरोबर होते. मी तिला म्हणालो, “बाई, मी दोन चुका केल्या. न वाचता ते मुलांपुढे ठेवले ही पहिली, आणि न वाचताच बंद केले ही दुसरी. तुमच्या मुलीने निम्मे पाहिले आहे. निम्म्यावर सोडले तर ती भीती तशीच राहील. आपण तिघे बसून ते पुरे करू या का?” तिने बराच वेळ विचार केला. मग ती म्हणाली, “बसू या, पण मी शेजारी असेन.” मला तेच हवे होते.

रविवारी सायंकाळी आम्ही बसलो. जळत्या घराचे पान आले तेव्हा मुलीने आईचा हात धरला. त्या चित्रात आई तुळई उचलू पाहते आहे आणि तिच्या बाजूला गेनही सर्व बळ एकवटून ती तुळई ओढतो आहे. मी मुलीला सांगितले की, हे चित्र काढणारे गृहस्थ खरे तर त्या वेळी तेथे नव्हते. ते शाळेच्या फाटकापाशी होते. घरी काय झाले ते त्यांना पुढे आईकडूनच कळले. “मग ते असे का काढले?” तिने विचारले. याचे उत्तर माझ्यापाशी तयार नव्हते. कथेच्या गरजा, लेखकाचे स्वातंत्र्य असे काहीतरी मी पुटपुटलो.

ती चित्राकडे पाहत राहिली. मग म्हणाली, “त्यांना वाटले असेल, आई तिथे एकटी नको.”

तिची आई उठून पाणी आणायला आत गेली. मी पान उलटले. पुढच्या पानांत त्या बाळाचा जन्म होता आणि मुलीला आता तो पाहायचा होता.

दोन्ही पुस्तके सध्या उघड्या कपाटात आहेत. आत मी एक चिठ्ठी चिकटवली आहे: ‘लहान मुलांनी हे पुस्तक घरातील मोठ्या माणसाच्या शेजारी बसून वाचावे.’ आजवर पाच घरांतून ती पुस्तके जाऊन आली. उरलेले आठ खंड मागवले आहेत. आणि लग्न होऊन आता दोन मुलांचा बाप झालेल्या त्या मच्छीमाराच्या मुलाला मी निरोप पाठवला आहे की, सवड काढून एकदा ये. आपण तुझ्या बाबांच्या कबरीपाशी जाऊन येऊ. त्या दिवशी मी काय पाहिले ते मी त्याला सांगणार आहे.